गुणांआधी तारीख मागा

भाचीचा शेवटच्या वर्षाचा एक पेपर राहिला. तिने तो पुनर्मूल्यांकनाला टाकला आणि निकाल लांबतच गेला. तिकडे पदव्युत्तर प्रवेशाची मुदत संपत आली होती. तिच्याबरोबर धावपळ करताना जे समजलं, ते इथे मांडतो.

१. विद्यापीठाच्या खिडकीवर "प्रोसेसमध्ये आहे" एवढंच उत्तर मिळतं आणि त्याचा पुरावा कुठेच राहत नाही. परीक्षा नियंत्रकांना लेखी अर्ज द्या. त्यात आसन क्रमांक, पेपर, शुल्काची पावती आणि उशिरामुळे नेमकं काय हातचं जाणार आहे, हे सगळं लिहा. आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का, क्रमांक आणि तारीख घेतल्याशिवाय तिथून हलू नका.

२. उशीर आणि गुण या दोन वेगळ्या तक्रारी आहेत. त्या एकाच अर्जात मिसळल्या की दोन्ही कमकुवत होतात. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हक्क म्हणून मागता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळाच्याच खटल्यात सांगितलं. न्यायाधीश स्वतः पेपर तपासायला बसत नाहीत. पण शुल्क घेऊन स्वीकारलेला अर्ज वेळेत निकाली काढा, ही मागणी भक्कम आहे.

३. मुदत कागदावर दाखवा. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ चं कलम ८९ निकालासाठी ३० दिवस, फार तर ४५ दिवस देतं. हे मूळ निकालाबद्दल आहे. पुनर्मूल्यांकनासाठी विद्यापीठाची परिपत्रकं चाळावी लागतात.

४. यूजीसीच्या २०२३ च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने १५ कामकाजी दिवसांत अहवाल द्यायचा असतो. तिच्या निर्णयावर १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येतं. मात्र गुणांबद्दल लोकपालांकडे जायचं, तर ठोस अनियमितता दाखवावी लागते.

५. ती अनियमितता उत्तरपत्रिकेतच सापडते, म्हणून छायांकित प्रत घ्याच. भाचीच्या पुरवणीतल्या उत्तराला गुण दिले होते, पण पहिल्या पानावरच्या तक्त्यात त्या प्रश्नाचा रकाना रिकामा होता. पानापानावरची बेरीज स्वतः करा. प्रत मिळत नसेल तर माहिती अधिकारात मागा. २०११ पासून सर्वोच्च न्यायालयाने हा हक्क मान्य केला आहे.

६. ग्राहक आयोगात वेळ घालवू नका. परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे, हे २००९ मध्येच ठरलं आहे.

७. वेळ अगदीच कमी असेल तर उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करता येते. त्यात निकालाची तारीख मागाच, पण तोवर हंगामी प्रवेश मिळावा हा अंतरिम आदेशही मागा, कारण उशिरा लागलेल्या निकालाने गेलेली जागा परत मिळत नाही. खर्चाला घाबरून थांबणाऱ्या मुली मी पाहिल्या. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. हे प्रत्येक कॉलेजच्या सूचना फलकावर लिहिलेलं असायला हवं.