लक्षाची विश्रांती

“मुलगा हुशार आहे, पण अभ्यासात लक्ष लागत नाही,” अशी तक्रार घेऊन पालक आमच्याकडे येतात. आणि बोलता बोलता त्यांचाच हात खिशातील मोबाईलकडे जातो. आम्ही हे दोष देण्यासाठी लिहीत नाही. आम्हां शिक्षकांचीही तीच गत आहे.

लक्ष दोन प्रकारचे असते. गणित सोडविताना ते प्रयत्नाने लावावे लागते. इतर गोष्टी दूर साराव्या लागतात, म्हणून ते थकते. पाण्यावरील लाटा वा पानांची सळसळ यांकडे ते सहज जाते, आणि तेवढा वेळ थकलेल्या लक्षास विसावा मिळतो. मिशिगन विद्यापीठातील रेचेल व स्टीफन कॅप्लन या दांपत्याने १९८९ सालच्या ग्रंथात ही उपपत्ती विस्ताराने मांडली.

मोबाईलही लक्ष सहज वेधतो; मग त्याने विसावा का मिळू नये? कारण तेथे क्षणोक्षणी नवा विषय पुढे येतो व मनास पुनःपुन्हा वळावे लागते. तलावाकाठी मनास स्वतःच्या विचारांपुरती जागा उरते.

२००८ साली त्याच विद्यापीठातील संशोधकांनी काही विद्यार्थ्यांस सुमारे तासभर फिरावयास पाठविले. एकदा वृक्षोद्यानात, एकदा शहरातील रहदारीतून. ऐकलेले आकडे उलट क्रमाने सांगण्याची परीक्षा फिरण्याआधी व नंतर घेतली. उद्यानातून परतल्यावर गुण स्पष्टपणे वाढले. रहदारीतून परतल्यावर तसे झाले नाही. प्रयोग लहान होता, तरी विचार करावयास लावणारा आहे.

उपाय मात्र एकट्या मुलावर लादून चालत नाही. सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने २०२२ साली ठरविले की, सायंकाळी ७ वाजता भोंगा वाजताच मोबाईल व टीव्ही बंद करावयाचे, ते ८॥ पर्यंत. नियम मुलांना तसाच मोठ्यांनाही. त्याचे मर्म यातच आहे.

आपल्या अरेरा कॉलनीस भोंग्याची गरज नाही. शाहपुरा तलाव व एकांत पार्क जवळच आहेत. सायंकाळी अर्धा तास मोबाईल घरी ठेवून मुलांसह तेथे जावे. जाण्यापूर्वी व परतल्यावर आकड्यांचा तो खेळ घरीच खेळून पाहावा. मुलांबरोबर आपले स्वतःचे गुणही मांडण्यास विसरू नये.