वाढते वय, वाढती शुश्रूषा : मनुष्यबळाचा प्रश्न

दरवर्षी नोव्हेंबर महिन्यात निवृत्तिवेतनधारक हयातीचा दाखला देण्यासाठी शाखेत येतात. पूर्वी त्यांच्यासोबत मुलगा, सून किंवा नात असे. अलीकडे मात्र अनेकांचा हात धरून येते ती पगारी मदतनीस. काउंटरमागून दिसणारे हे साधे दृश्य एका मोठ्या सामाजिक व आर्थिक स्थित्यंतराचे द्योतक आहे.

आकडे काय सांगतात?

२००१ च्या जनगणनेनुसार देशातील साठ वर्षे व त्यावरील व्यक्तींचे प्रमाण सुमारे ७.४ टक्के होते. २०११ मध्ये ते ८.६ टक्के झाले. म्हणजेच सुमारे १०.४ कोटी ज्येष्ठ नागरिक. २०३६ पर्यंत हे प्रमाण १५ टक्क्यांच्या घरात जाईल, असा अधिकृत अंदाज आहे. आयुर्मान वाढले ही आनंदाची बाब होय. परंतु मधुमेह, पक्षाघात, स्मृतिभ्रंश यांसारखे आजार एका शस्त्रक्रियेने संपत नाहीत. त्यांना डॉक्टरांची गरज अधूनमधून, तर शुश्रूषेची गरज रोजच लागते. दुसरीकडे कुटुंबे लहान झाली, मुले नोकरीनिमित्त परगावी गेली. घरातील स्त्रिया जी सेवा विनामोबदला करीत आल्या, तिचे मोल आता प्रथमच लक्षात येत आहे.

मागणीचे गणित

अंथरुणाला खिळलेल्या एका रुग्णाचा विचार करू. बारा तासांची एक पाळी धरल्यास आठवड्याला चौदा पाळ्या होतात. साप्ताहिक सुट्टी घेणारी व्यक्ती सहाच पाळ्या करू शकते. म्हणजे एका रुग्णामागे दोनहून अधिक माणसे हवीत! यंत्रांनी कारखान्यातील मनुष्यबळ कमी केले; कूस बदलणे, भरवणे, धीर देणे ही कामे मात्र माणसालाच करावी लागतात.

केरळचा धडा

२०११ च्या जनगणनेत ज्येष्ठांचे सर्वाधिक, १२.६ टक्के प्रमाण केरळमध्ये आढळले. देशोदेशीच्या रुग्णालयांना परिचारिका पुरवणारे हेच राज्य. मुलगी परदेशात इतरांच्या आईवडिलांची सेवा करते आणि तिचे आईवडील गावी एकटे राहतात, असा हा विरोधाभास आहे. त्यावर केरळने स्वतःचा मार्गही शोधला. १९९३ मध्ये कोळिकोड येथे सुरू झालेल्या परिहार सेवेच्या कार्यातून प्रशिक्षित स्थानिक स्वयंसेवकांची चळवळ उभी राहिली. २००८ मध्ये राज्याने याविषयी स्वतंत्र धोरण स्वीकारले आणि स्थानिक स्वराज्य संस्थांच्या सहभागाने परिचारिका रुग्णांच्या घरी जाऊ लागल्या. रुग्णालयांच्या खाटा वाढवण्याइतकेच घरपोच सेवेचे जाळे विणणे महत्त्वाचे, हा यातील बोध होय.

कुशलता आणि प्रतिष्ठा

मागणी वाढली म्हणजे रोजगाराचा दर्जा आपोआप सुधारतो असे नाही. घरी येणाऱ्या अनेक मदतनिसांना औपचारिक प्रशिक्षण, रजा वा भविष्यनिर्वाह निधी नसतो. दुसऱ्याच्या वार्धक्याची काठी होणाऱ्या या स्त्रीच्या स्वतःच्या वार्धक्याचे काय? प्रशिक्षण, प्रमाणपत्र आणि न्याय्य वेतन यांची सांगड घातल्याशिवाय ही सेवा टिकाऊ होणार नाही.

बँक काय करू शकते?

मान्यताप्राप्त परिचर्या अभ्यासक्रमांसाठी शैक्षणिक कर्ज मिळते, ही माहिती ग्रामीण भागातील होतकरू मुलामुलींपर्यंत आपण पोहोचवली पाहिजे. मदतनिसाचे वेतन खात्यात जमा करण्याचा आग्रह ज्येष्ठ ग्राहकांनी धरावा, त्यामुळे तिच्या उत्पन्नाची नोंद राहते. तिला अटल पेन्शन योजनेची माहिती द्यावी. आपण प्रत्येकाने निवृत्तीचे नियोजन करताना औषधांबरोबर शुश्रूषेच्या खर्चाचीही तरतूद करावी.

येत्या नोव्हेंबरात ज्येष्ठ ग्राहकाला खुर्ची देताना सोबतच्या मदतनिसालाही खुर्ची द्यावी आणि तिचे खाते आहे का, हे आवर्जून विचारावे. उद्या आपल्याला लागणाऱ्या आधाराची जोपासना आजच करावी लागेल.