आत्याचा कानमंत्र : चेकवरची सही

पोरी, तुझं पहिलं चेकबुक आलं असं वहिनी म्हणाली. माझी उभी नोकरी बँकेत चेक पास करण्यात गेली, खोट्या सहीच्या दाव्यात साक्षीलाही उभी राहिले. तेव्हा दोन घोट चहा घे आणि ऐक.

१. चेकबुक हातात आलं की आधी पानं मोज — चोर वरचं पान फाडत नाही, मधलं फाडतो, आणि ते कळायला महिने जातात.

२. कोऱ्या चेकवर सही करून कुणालाच देऊ नकोस, तुझ्या लाडक्या मामेभावालाही नाही — कोऱ्या चेकला दोन धनी. सही तुझी आहे म्हटल्यावर रक्कम दुसऱ्याच्या अक्षरात आहे एवढ्यावर सुटका होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये बीरसिंग विरुद्ध मुकेश कुमार खटल्यात हेच सांगितलं.

३. सही रोज जराशी वेगळी येते म्हणून घाबरू नकोस — जिवंत हात हलतो, गिरवलेला गोठतो. माझी सगळ्यात मोठी चूक इथलीच. एका चेकवरची सही वळणन् वळण कार्डावरच्या नमुन्यासारखी दिसली आणि मी निर्धास्तपणे पास केली. पुढे ती खातेदाराच्या जुन्या पत्रावरून गिरवलेली निघाली. तज्ज्ञांनी दोन्ही सह्या एकीवर एक ठेवल्या, तर केसभर ढळेनात. खऱ्या माणसाच्या दोन सह्या अशा कधी जुळत नाहीत. भिंगाखाली रेघ सगळीकडे एकाच दाबाची, वळणावर बारीक थरथर, आणि खातेदार जिथे पेन कधी उचलत नसे नेमकं तिथे उचललेलं. त्या गृहस्थांचा चेहरा अजून डोळ्यांपुढे येतो.

४. सही केलेले जुने कागद वर्षवार जपून ठेव, भाडेकरार असो की शाळेचा अर्ज — तुलनेला त्याच काळातल्या, वादाआधीच्या सह्या लागतात. भांडणानंतर केलेली सही मुद्दाम बदलली, असं समोरचा वकील म्हणणारच.

५. वाद झाला तर झेरॉक्सवर विसंबू नकोस, मूळ चेक मागवायला लाव — दाब आणि शाई झेरॉक्समध्ये उतरत नाहीत. आता चेकचं फक्त चित्र पुढे जातं, कागद जिथे भरला त्या बँकेतच राहतो.

६. तज्ज्ञ हवा असेल तर खटला चालू असतानाच माग, बँकेतल्या नमुना सहीची प्रतही तेव्हाच — अपिलात जाग आलेल्या एका आरोपीला सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये नकार दिला. आणि तज्ज्ञ एकटाच नसतो बरं : तुझं अक्षर रोज पाहणारा सहकारीही साक्ष देऊ शकतो, न्यायाधीश स्वतःही सह्या ताडून पाहू शकतात.

७. खोडाखोड झाली की चेक रद्द कर, नवा लिही. मोठा चेक असेल तर त्याचा तपशील बँकेला ‘पॉझिटिव्ह पे’मध्ये आधी कळव — ही सोय ५०,००० रुपयांपासून आहे.

८. पासबुक दर महिन्याला भरून घे आणि ओळन् ओळ वाच — पैसा आवाज न करता जातो. कॅनरा बँकेच्या एका खातेदार कंपनीत हिशेब सांभाळणाऱ्यानेच साहेबांच्या खोट्या सह्यांचे ४२ चेक वटवले होते. खोटी सही म्हणजे खातेदाराचा आदेशच नव्हे, म्हणून भुर्दंड बँकेचा, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने दिला. पण तो आला १९८७ साली. इतकी वर्षं वाट पाहायची का?

९. खोटी सही दिसली की त्याच दिवशी बँकेला लेखी कळव, पोच घे. चेक परत गेल्याची नोटीस आली तर १५ दिवसांच्या आत वकिलाकडून उत्तर दे — गप्प बसलेल्याचं खरंही उशिरा पटतं.

१०. हात बदलला की बँकेतला नमुना बदल — आजारपणाची थरथर आणि गिरवणाऱ्याची थरथर काउंटरवरच्या माणसाला घाईत वेगळी कळत नाही. वहिनीचं मनगट मोडल्यापासून तिची सही पार उतरती झालीय. उद्या सकाळीच तिला घेऊन बँकेत जा, आणि तिचं आधार कार्ड न विसरता पिशवीत टाक.