नऊ नावांची यादी

पुणे,
दिवाळीनंतरचा रविवार

चि. बाळ,

तुझी यादी ताईने मला पाठवली. खाली एकच ओळ होती: "हा काय मागून राह्यला, तूच पाह्य." नऊ नावं, प्रत्येकापुढे तारीख, आणि वर ठळक अक्षरात 'स्विच एक्स्क्लुझिव्ह २०२०'. हैदराबादच्या दादाने निन्टेंडोचा नवा स्विच २ घेतला. टाळेबंदीत घेतलेला जुना स्विच तो तुला विकत देतो आहे आणि त्या वर्षाचे त्याच्याकडचे सगळे गेमही तुला सोबत हवे आहेत, इतकं समजलं. पैसे कुठून येणार तेही समजलं. भाऊजींचं धान अजून खरेदी केंद्रावर मोजलं जायचं आहे, चुकारे कधी जमा होतील ते केंद्रावरचा माणूससुद्धा सांगू शकत नाही, आणि तू त्या पैशांवर नऊ नावं मांडून मोकळा झालास!

खेळू नकोस, असं मी म्हणणार नाही. गेम तपासण्याच्या कामावर माझी चूल पेटते; दिवसभर दुसऱ्यांच्या खेळांतल्या चुका शोधून मी पगार घेते. पण ताईवर रागावू नकोस. गोंदियात 'गेम' म्हटलं की कुठल्याही आईच्या डोळ्यांपुढे काय येतं, ते तू जाणतोस. जुलै २०२३ मध्ये नागपूरच्या एका व्यापाऱ्याने ऑनलाइन गेमिंगमध्ये सुमारे ५८ कोटींची फसवणूक झाल्याची तक्रार केली, आणि नागपूरच्या पोलिसांनी छापा घातला तो आपल्याच गोंदियातल्या एका घरावर. तिथे सापडलेल्या रोकड आणि सोन्याच्या बातम्या कितीतरी दिवस चौकाचौकात चघळल्या गेल्या. त्यानंतर ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी घालणारा कायदाच केला. तुझ्या यादीतल्या गेमचा या भानगडीशी काही संबंध नाही. कार्ट्रिज एकदा विकत घेतलं की झालं, जिंकल्याने पैसे येत नाहीत आणि हरल्याने जात नाहीत. हे ताईला तू समजाव. यंत्र तिच्या हातात दे आणि समजाव. लांबून बोललास तर ते तिला पटायचं नाही.

आता यादी. एखादा गेम एकाच यंत्रावर मिळतो, यात त्या गेमचा काही गुण नाही. निन्टेंडो मारिओचे मोठे गेम दुसऱ्याच्या यंत्रावर जाऊ देत नाही, कारण मारिओसाठी लोक यंत्र घेतात. हे त्यांच्या धंद्याचं गणित झालं. खेळणाऱ्याने वेगळं गणित मांडावं, आणि तू ते मांडलेलं नाहीस. तू तारखा लावल्यास, पण त्या सगळ्या २०२० च्याच. प्रत्येक गेम मुळात कधी बनला, ते पाहिलंस का?

झेनोब्लेड क्रॉनिकल्स मूळचा २०१० चा, वी या यंत्रावरचा. पिकमिन ३ हा २०१३ चा, वी यू वरचा. पोकेमॉन मिस्टरी डंजन २००५ चा. सुपर मारिओ थ्रीडी ऑल-स्टार्समध्ये तीन गेम आहेत, ते अनुक्रमे १९९६, २००२ आणि २००७ सालचे. म्हणजे नऊपैकी चार नावांत जुनाच माल पुन्हा भरलेला आहे. वी यू हे यंत्र जेमतेम दीड कोटीच्या आत विकलं गेलं, स्विच पंधरा कोटींच्या वर गेला. तेव्हा वी यू वर कुणी न पाहिलेले चांगले गेम पुन्हा काढण्यात कंपनीचा शहाणपणा होता. तांदूळ जुना असला की भात मोकळा होतो, हे गोंदियाच्या पोराला मी सांगायला नको. पण पोत्यावर जुनं साल वाचूनच भाव ठरवावा ना! ऑल-स्टार्सची तर आणखी गंमत. तो १८ सप्टेंबर २०२० ला आला आणि ३१ मार्च २०२१ नंतर विकणार नाही, असं कंपनीने आधीच जाहीर केलं. डिजिटल वस्तूचा साठा संपत नसतो. घाई मात्र करवता येते, आणि लोकांनी ती केली. दादानेही केली असणार. ते कार्ट्रिज आता 'दुर्मिळ' म्हणून तुला महाग लावत असेल, तर त्याला म्हणावं, ठेव तुझ्याकडेच.

मारिओ कार्ट लाइव्हमध्ये कॅमेरा लावलेली खरी गाडी घरात फिरते आणि पडद्यावर शर्यत दिसते. कल्पना झकास, पण दोघांनी एकाच वेळी शर्यत लावायची तर दोन गाड्या लागतात, आणि तुमच्या घरात सध्या धानाच्या पोत्यांतून माणसाला वाट मिळत नाही. खोड ते नाव. पेपर मारिओ विनोदी आहे, लढाया कंटाळवाण्या. एज ऑफ कॅलॅमिटी ही २०१७ च्या ब्रेथ ऑफ द वाइल्डच्या शंभर वर्षं आधीची कथा. तो मोठा गेम तू खेळला नाहीस, तर या कथेतल्या माणसांचं तुला काय सुखदुःख? शिवाय पडद्यावर गर्दी झाली की यंत्र धापा टाकतं. माझ्या नोंदवहीत असल्या जागी लाल शेरा पडतो.

राहिले दोन. ॲनिमल क्रॉसिंग २० मार्च २०२० ला आला. २२ तारखेला जनता कर्फ्यू, त्याच रात्रीपासून प्रवासी गाड्या बंद, २५ पासून देश बंद. महाराष्ट्र एक्सप्रेसने गोंदियाला येणारी मी पुण्यात दोन खोल्यांत अडकले, आणि जगभर लाखो माणसं त्या गेममधल्या बेटावर झाडं लावत बसली. त्या वर्षी त्याचं एवढं कौतुक का झालं, ते नीट बघ. गेम खऱ्या घड्याळावर चालतो. लावलेलं झाड आज मोठं होत नाही, दुकान रात्री बंद असतं, पूल बांधायला घेतला की उद्या सकाळी तयार. रविवारी सकाळी एक पोरगी सलगम विकायला येते. ते घ्यायचे, आठवडाभर दुकानातला भाव बघायचा, भाव दिवसातून दोनदा बदलतो, आणि पुढच्या रविवारपर्यंत विकले नाहीत तर सगळे सडतात. ज्या घरात दरवर्षी 'व्यापाऱ्याला आत्ता द्यायचं की केंद्राची वाट पाहायची' यावर चर्चा होते, त्या घरातल्या माणसाला हा खेळ शिकवावा लागणार नाही. भाऊजी तुझ्यापेक्षा चांगले खेळतील. घराच्या कर्जाला मात्र त्या बेटावर व्याज नाही आणि मुदतही नाही; ते ऐकून ते हसतील.

पण एक अट आहे, ती दादाने तुला सांगितलेली दिसत नाही. एका स्विचवर एकच बेट असतं. त्याचं बेट तसंच राहिलं तर तू त्यावर पाहुणा. ते पुसून नवं सुरू करावं लागेल. आणि जो पहिला सुरू करतो, बेटाची मोठी कामं त्याच्याच हातात राहतात. नंतर आलेला फक्त राहतो. म्हणून बेट धाकट्या बहिणीच्या नावाने सुरू कर. तू बारावीत आहेस, मार्चपर्यंत तुला दिवसाचा अर्धा तास पुष्कळ झाला. ती रोज बघेल. तू मागाहून राहायला जा.

दुसरा ५१ वर्ल्डवाइड क्लासिक्स, ५ जून २०२० चा. हा यादीत तू सगळ्यात खाली लिहिलास, आणि मी तो सगळ्यात वर लिहीन. त्यात जगभरचे पटावरचे आणि पत्त्यांचे खेळ आहेत: बुद्धिबळ, लुडो, शोगी, हानाफुदा. हानाफुदा म्हणजे फुलांच्या चित्रांचे जपानी पत्ते; १८८९ मध्ये क्योटोत निन्टेंडोची सुरुवात झाली ती तेच पत्ते बनवण्यापासून. त्या एकावन्नात कॅरमही आहे. (त्यासाठी यंत्र लागतं का? माळ्यावरचा बोर्ड उतरव, बोरिक पावडर आणायला मी पैसे देते.) आणि नाइन मेन्स मॉरिस नावाखाली जो खेळ दिसेल तो उघडलास की आजोबांना बोलाव. ती आपली नवकंकरी आहे. तीन चौकोन एकात एक, चोवीस जागा, दोघांकडे नऊ-नऊ खडे, तीन ओळीत आले की समोरच्याचा एक उचलायचा. जुन्या देवळांच्या फरशीवर हा पट कोरलेला सापडतो. आजोबा तुला पडद्यावरही हरवतील, आणि यंत्राचे दोन नियंत्रक, म्हणजे जॉय-कॉन, वेगळे होत असल्याने तुझ्या हातातला एक काढून घेऊन हरवतील.

आता यादीत नसलेल्या नावाविषयी. १८ ऑगस्ट २०२० ला निन्टेंडोने छोट्या स्टुडिओंच्या गेमचा एक कार्यक्रम दाखवला, आणि त्यात झळकलेला 'राजी: ॲन एन्शंट एपिक' त्याच दिवशी विक्रीला आला, फक्त स्विचवर. बाकीच्या यंत्रांना १५ ऑक्टोबरपर्यंत थांबावं लागलं. तो बनला इथे, पुण्यात. नॉडिंग हेड्स गेम्स नावाचा छोटा स्टुडिओ, अविचल सिंग, श्रुती घोष आणि इयन मॉड यांनी २०१७ मध्ये सुरू केलेला. त्याच वर्षी त्यांनी किकस्टार्टरवर लोकांकडून पैसे मागितले आणि ते पुरेसे जमले नाहीत. तरी गेम पुरा झाला. वर्षअखेरीस गेम अवॉर्ड्सच्या पदार्पणाच्या पाच नामांकनांत तो होता. बक्षीस फॅस्मोफोबियाला गेलं.

भारतात निन्टेंडोचं स्वतःचं दुकान नाही. यंत्र आयात केलेलं घ्यायचं, मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर किंवा ऑनलाइन, आणि वॉरंटी देवाच्या भरवशावर. ज्या देशात हे यंत्र रीतसर विकत मिळत नव्हतं, त्या देशातला एक गेम सगळ्यात आधी त्याच यंत्रावर आला, आणि जवळपास दोन महिने फक्त तिथेच राहिला. मारिओच्या बाबतीत कंपनीला यंत्र खपवायचं असतं. इथे उलटं होतं: नाव नसलेल्या स्टुडिओला कुणीतरी व्यासपीठावर बोलावून सगळ्यांना दाखवायला हवं होतं. दोन्ही गेमवर 'एक्स्क्लुझिव्ह'चा शिक्का एकच असतो. म्हणून नुसत्या शिक्क्यावरून यादी करू नये.

राजी ही सर्कशीतली मुलगी. राखीपौर्णिमेच्या दिवशी तिचा भाऊ गोलू याला असुर पळवून नेतात, आणि दुर्गेच्या त्रिशूळासह ती महाबलासुराच्या मागे निघते. खोट सांगते आधी: गेम पाच-सहा तासांत संपतो, शेवट अर्ध्यावर तुटल्यासारखा वाटतो, मारामारीत कधी कधी हात आणि पडदा यांचं जमत नाही, आणि स्विचवर चित्र धूसर दिसतं. पण तुला पुढे हेच काम करायचं आहे, असं तू मे महिन्यात म्हणत होतास. मग हा गेम दोनदा खेळ. दुसऱ्यांदा खेळताना कॅमेरा बघ. तो तुझ्या हातात नाही, बनवणाऱ्यांनी ठरवलेल्या जागी उभा असतो. त्यामुळे राजस्थानी महालाची दिसणारी बाजूच तेवढी रंगवायला लागते, आणि ती पहाडी लघुचित्रासारखी मन लावून रंगवता येते. कथा पुढे नेणारे प्रसंग छायाबाहुल्यांनी दाखवले आहेत. चेहऱ्यांवरचे भाव हलवत बसायला मोठी फौज लागते. बाहुलीला चेहरा हलवावा लागत नाही. पैसे वाचले आणि देखणेपणही आलं. आपल्या कोकणातल्या पिंगुळीच्या ठाकरांच्या चामड्याच्या बाहुल्या पाहिल्यास की हे जास्त कळेल. मोठ्या स्टुडिओचा गेम पाहून तुझ्यासारखा मुलगा फक्त थक्क होतो. इथे थोडक्या माणसांनी काय करायचं टाळलं, ते दिसतं. तपासनीस म्हणून मी याला फार किंमत देते.

बारावी झाली की घरच्या जुन्या लॅपटॉपवर गोडो नावाचं साधन उतरव. फुकट आहे, आणि जड नाही. त्यात पहिला गेम नवकंकरीचा कर. उडणारे ड्रॅगन नकोत, आपल्याकडचे सारससुद्धा नकोत अजून. चोवीस जागा, अठरा खडे, दोन माणसं. खडा चुकीच्या जागी ठेवला तर काय व्हावं, आजोबांनी चाल परत मागितली तर काय, एकाकडे दोनच खडे उरले की कुणी जिंकलं हे पडद्याने कसं सांगावं, एवढं लिहिताना तुझा उन्हाळा जाईल. झाला की मला पाठव. मी भाची-भाचा बघून शेरा मारत नाही.

दादाला फोन करशील तेव्हा हे विचार. डाव्या जॉय-कॉनची दांडी हात न लावता आपोआप सरकते का? हे यंत्राचं जुनं दुखणं आहे. सेटिंगमध्ये दांडीची तपासणी आहे, ती त्याला व्हिडिओ कॉलवर करून दाखवायला लाव. त्याने त्याचं खातं यंत्रावरून काढलं का? कार्ट्रिज जवळजवळ कुठल्याही देशाचं असलं तरी चालतं, ती काळजी नको. धाकटीच्या हातून ते एखाद्या लहान पोराच्या तोंडात गेलं तरी तो थुंकेल, त्यावर मुद्दाम कडू लेप लावलेला असतो.

यंत्र घे, ॲनिमल क्रॉसिंग आणि एकावन्न खेळांचं कार्ट्रिज घे, बाकी सगळं परत. यंत्राचे पैसे चुकारे आल्यावर, भाऊजी आपणहून म्हणतील तेव्हाच. तोवर दादा थांबेल, त्याच्याशी मी बोलले आहे. राजी कार्ट्रिजवर नको, डिजिटल घेऊ. त्यासाठी खात्याला दुसऱ्या देशाचं दुकान लावावं लागतं, ते मी इथून करून देते. त्याचे पैसे माझे.

ताईला आणि भाऊजींना नमस्कार. आजोबांना विचार, नवकंकरीत त्यांच्याकडे तीनच खडे उरले की कुठेही उडी मारायची मुभा असते की नाही. गावोगावी नियम वेगळे असतात, आणि तुला ते लिहिण्याआधी ठरवावे लागतील.

तुझी,
मावशी