सोपारा ते वज्रेश्वरी : एक दिवसाची अभ्याससहल

वज्रेश्वरी, अकलोली व गणेशपुरी येथील उष्ण पाण्याच्या कुंडांवर मुंबई-ठाण्याकडील सहली नित्य जात असतात. देवीचे दर्शन, कुंडातील स्नान, बरोबर आणलेले जेवण आणि सायंकाळी परतीची गाडी, असा त्यांचा ठरलेला क्रम असतो. वसई-विरारच्या बाजूने येणाऱ्या या मंडळींपैकी फारच थोड्यांना ठाऊक असते की, वाटेत नालासोपारा येथे पश्चिम भारतातील एका अतिप्राचीन बंदराचे अवशेष आहेत. आणि तेथेच सापडलेल्या एका शिलाखंडावरील मजकूर नेमका सहलीविषयीच आहे.

सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तो भाग होय. पंडित भगवानलाल इंद्रजी यांना तो १८८२ साली सोपारा येथे मिळाला. दगड काळा, तुटका आणि अक्षरे ब्राह्मी. देशात अन्यत्र सापडलेल्या याच लेखाच्या प्रतींवरून त्याचा संपूर्ण आशय आपणांस कळतो. पूर्वीचे राजे विहारयात्रेस निघत. शिकार व तत्सम करमणुकी हेच तिचे प्रयोजन असे. अशोकाने राज्याभिषेकाला दहा वर्षे झाल्यावर बोधिवृक्षाच्या स्थानाची यात्रा केली आणि तेथून धर्मयात्रेस प्रारंभ झाला. श्रमण व ब्राह्मण यांची भेट व त्यांना दान, वृद्धांची भेट व त्यांना द्रव्यसाहाय्य, जनपदातील लोकांची भेट, त्यांना उपदेश आणि त्यांच्याशी धर्मविषयक विचारविनिमय, असे या यात्रेचे स्वरूप लेखात सांगितले आहे. करमणुकीची सहल आणि काही जाणून घेण्यासाठी केलेली सहल यांतील भेद सोपाऱ्याच्या दगडावर बावीसशे वर्षांपूर्वी कोरला गेला होता. शाळा, महाविद्यालये व ग्रंथालये यांनी सहल आखताना हा दगड आरंभबिंदू मानावा, असे सुचवावेसे वाटते.

मात्र एक गोष्ट प्रथमच सांगितली पाहिजे. सोपाऱ्यास जाऊन हा शिलालेख पाहावयास मिळत नाही. तो, आणि १९५६ साली जवळच्या भुईगाव येथे सापडलेला नवव्या लेखाचा तुकडा, हे दोन्ही मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहेत. स्तूपातून निघालेल्या वस्तू एशियाटिक सोसायटीकडे आहेत. जागेवर उरला आहे तो विटांचा एक मोठा उंचवटा. जाणत्या मार्गदर्शकावाचून येथे आलेला मनुष्य पाच मिनिटांत कंटाळून परत फिरतो, आणि त्यात त्याचा दोष नाही. म्हणून मार्गदर्शकाने छायाचित्रे, लेखाचा मराठी अनुवाद व किनाऱ्याचा एक साधा नकाशा बरोबर घेतलाच पाहिजे.

सकाळी उन्हे चढण्यापूर्वी नालासोपारा स्थानकाच्या पश्चिमेकडील स्तूपाशी पोहोचावे. हा स्तूप स्थानिक लोकांत ‘बुरुड राजाचा कोट’ या नावाने ओळखला जात असे. १८८२ मध्ये भगवानलालांनी त्याचे उत्खनन केले, तेव्हा स्तूपाच्या मध्यभागी विटांनी बांधलेली एक पोकळी लागली व तीत दगडी करंडक मिळाला. त्याचे झाकण उचलल्यावर आत तांब्याचा करंडक आणि त्याभोवती वर्तुळाकार मांडलेल्या आठ कांस्यमूर्ती दिसल्या. सात मूर्ती विपश्यीपासून शाक्यमुनींपर्यंतच्या सात बुद्धांच्या, तर आठवी भावी बुद्ध मैत्रेयाची. तांब्याच्या करंडकात चांदीचा, त्यात पाषाणाचा, त्यात स्फटिकाचा आणि सर्वांच्या आत सोन्याचा करंडक होता. सोन्याच्या त्या इवल्याशा डबीत काय असावे? मातीच्या भांड्याच्या काही खापऱ्या! भगवान बुद्धांच्या भिक्षापात्राचे तुकडे म्हणून त्या जपल्या गेल्या असाव्यात, असे भगवानलालांचे मत होते.

येथे मार्गदर्शकाने क्षणभर थांबून एक प्रश्न विचारावा. करंडकाबरोबर सातवाहन राजा गौतमीपुत्र यज्ञश्री सातकर्णी याचे चांदीचे नाणे मिळाले. हा राजा इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धातील. कांस्यमूर्ती मात्र त्यांच्या घडणीवरून आठव्या-नवव्या शतकातील मानल्या जातात. मग एकाच बंद पोकळीत सहाशे वर्षांचे अंतर कसे पडले? मधल्या काळात कोणीतरी स्तूप उघडून, मूर्ती ठेवून, तो श्रद्धापूर्वक पुन्हा मिटला असला पाहिजे, असे अनुमान निघते. हा प्रश्न विद्यार्थ्यांपुढे ठेवून उत्तर त्यांनाच काढू द्यावे. पुरातत्त्वशास्त्र कशाला म्हणतात हे त्यातून जितके कळते तितके पाठ्यपुस्तकातील व्याख्येने कळत नाही.

सोपारा म्हणजेच शूर्पारक. महाभारतात या तीर्थाचा उल्लेख आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ग्रीक भाषेतील ‘पेरिप्लस’ या सागरी प्रवासाच्या मार्गदर्शिकेत भडोचनंतरच्या बंदरांत ‘सुप्पर’ व ‘कल्लिएन’ म्हणजे कल्याण यांची नावे येतात. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने शूर्पारक येथे केलेल्या दानाची नोंद नाशिकच्या लेण्यांत आहे. कार्ले व कान्हेरी येथील दात्यांतही सोपाऱ्याचे रहिवासी आढळतात. समुद्रव्यापारातून मिळालेला पैसा घाट चढून लेण्यांपर्यंत कसा पोहोचत होता याचे हे पुरावे होत. दक्षिणेस वसईची खाडी आणि उत्तरेस वैतरणेचे मुख, यांच्या मधल्या भूमीवर हे बंदर वसले होते. पुढे खाड्या गाळाने भरत गेल्या आणि बंदर मागे पडले. आज स्तूपाच्या सभोवती वाढत्या शहराची वस्ती दाटली आहे. वेळ असल्यास चक्रेश्वर तळ्याकाठचे मंदिर व तेथे ठेवलेली जुनी शिल्पे पाहून शिरसाड, पारोळमार्गे वज्रेश्वरीचा रस्ता धरावा.

हा प्रवास पालघर जिल्ह्यातून ठाणे जिल्ह्यात, भिवंडी तालुक्यात नेतो. (२०१४ पर्यंत हा सर्व प्रदेश एकाच ठाणे जिल्ह्यात होता.) शेवटच्या टप्प्यात तानसा नदी दिसते. हिच्यावर वरच्या अंगाला बांधलेल्या व १८९२ साली पूर्ण झालेल्या धरणाचे पाणी मुंबईला पुरवले जाते. खाली उरलेला प्रवाह कुंडांजवळून वाहत जाऊन वैतरणेस मिळतो आणि वैतरणेबरोबर सोपाऱ्याच्या उत्तरेस समुद्रात जातो. सकाळी नकाशावर पाहिलेले वैतरणेचे मुख आणि दुपारी पाहिलेली ही नदी यांचा संबंध येथे अवश्य दाखवावा.

उष्ण झऱ्यांविषयी या भागात निरनिराळ्या समजुती आहेत. देवीने मारलेल्या दैत्यांच्या रक्ताचे हे पाणी झाले, ही त्यांतील एक लोककथा. ती कथा म्हणून जरूर सांगावी. परंतु ‘खाली ज्वालामुखी आहे’ हे सुशिक्षित मंडळींकडून ऐकू येणारे विधान मात्र दुरुस्त केले पाहिजे. महाराष्ट्राचा काळा पाषाण लाव्ह्याचाच, यात शंका नाही. पण तो लाव्हा सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी वाहिला व केव्हाच थंड झाला. आजची उष्णता त्याची नव्हे.

खरी प्रक्रिया याहून साधी आणि अधिक विस्मयकारक आहे. जमिनीत जसजसे खोल जावे तसतसे तापमान वाढते. सर्वसाधारणपणे दर किलोमीटरला पंचवीस ते तीस अंश सेल्सिअस. कोकणच्या खडकात उत्तर-दक्षिण दिशेने खोल भेगा आहेत. पावसाचे पाणी त्यांतून खाली झिरपते, तापते आणि अनुकूल फट मिळताच पुन्हा वर येते. कुंडांतील पाणी पन्नास अंशांच्या आसपास असते. पावसाचे पाणी पंचवीस अंशांचे धरले, तर ते निदान एक किलोमीटरभर खोल जाऊन आले असले पाहिजे. वर येताना ते काही प्रमाणात निवते हे लक्षात घेता प्रत्यक्ष खोली त्याहून अधिकच. हा हिशेब आठवीचा विद्यार्थी कुंडाच्या काठावर बसून करू शकतो. साधा तापमापक तेवढा बरोबर हवा, आणि तो सुमारे शंभर अंशांपर्यंत मोजणारा असावा, कारण ताप पाहण्याचा दवाखान्यातील तापमापक येथे निकामी होईल.

पालघर जिल्ह्यापासून रत्नागिरी जिल्ह्यातील राजापूरपर्यंत असे झरे जणू एका रेषेत आढळतात. दापोली तालुक्यातील उन्हवरे येथील पाणी सत्तर अंशांच्या जवळपास जाते. ‘उन्हवरे’, ‘उन्हाळे’ ही गावांची नावेच उन्ह पाण्यावरून पडलेली आहेत. पाण्याला गंधकाचा दर्प येतो म्हणून लोक त्यास गंधकाचे पाणी म्हणतात. तथापि कोकणातील बहुतेक झऱ्यांच्या पाण्यात क्लोराइड क्षारांचे प्रमाण मुख्य असते. भूगर्भातील या उष्णतेचा ऊर्जेसाठी उपयोग करता येईल काय, याची पाहणी भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने १९७० नंतरच्या दशकात हाती घेतली होती.

स्नानाविषयी थोडे सांगणे अगत्याचे आहे. सर्व कुंडे सारखी उष्ण नसतात. प्रथम हाताने अंदाज घ्यावा आणि लहान मुलांना मोठ्यांवाचून उतरू देऊ नये. दहा-पंधरा मिनिटांहून अधिक वेळ पाण्यात बसू नये. हृदयविकार वा रक्तदाबाचा त्रास असणाऱ्यांनी व गरोदर स्त्रियांनी वैद्यकीय सल्ला घेतल्याशिवाय उतरू नये. डोके पाण्यात बुडवणे टाळावे, कारण कोमट साचलेल्या पाण्यातील एक सूक्ष्म अमिबा नाकावाटे मेंदूत शिरल्यास जिवावर बेतते. असे क्वचितच घडते, पण घडते. त्वचारोग बरा होतो ही श्रद्धा फार जुनी आहे. शेकाने सांध्यांना आराम पडतो हे खरे. मात्र चालू असलेला औषधोपचार त्यासाठी सोडू नये. साबण आणि कपडे धुणे कुंडाबाहेर, हे तर सांगावयासही नको होते, परंतु काठावरील प्लॅस्टिकची वेष्टने पाहिली की सांगावे लागते.

वज्रेश्वरीचे मंदिर पायऱ्या चढून गेल्यावर लागते व त्याची बांधणी एखाद्या गढीसारखी आहे. १७३९ साली वसईचा किल्ला पोर्तुगीजांकडून जिंकण्यापूर्वी चिमाजी अप्पांनी देवीला नवस केला आणि विजयानंतर हे मंदिर बांधविले, अशी परंपरा आहे.

दुपार उतरल्यावर गणेशपुरी गाठावी. १९६१ साली समाधिस्थ झालेल्या स्वामी नित्यानंदांमुळे हे गाव प्रसिद्ध झाले. भीमेश्वर मंदिराजवळच्या कुंडांवर सायंकाळी गावातील माणसे निवांत भेटतात. अशोकाच्या लेखातील जनपदातील लोकांशी संवादाचा भाग येथे पुरा करता येईल. विद्यार्थ्यांनी दोन-तीन वृद्धांना विचारावे : पावसाळ्यात झऱ्याचे पाणी वाढते का? जवळ कूपनलिका खोदल्यावर काही फरक पडला का? पूर्वी वाहणारे एखादे कुंड आता आटले आहे का? मिळालेली उत्तरे, कुंडाचे नाव, तापमान व दिनांक यांसह वहीत लिहावीत. दरवर्षी त्याच शाळेची सहल त्याच कुंडांवर गेली, तर पाच-सात वर्षांत त्या झऱ्यांची एक उपयुक्त नोंदवही तयार होईल.

परतीसाठी विरारकडे किंवा भिवंडीमार्गे ठाण्याकडे जाता येते. दोन्ही शिलाखंड पाहण्यासाठी मुंबईच्या वस्तुसंग्रहालयाची भेट त्याच महिन्यात ठेवावी, म्हणजे मुलांच्या मनात विटांचा तो उंचवटा ताजा असेल. तेथे नवव्या लेखाचा तुकडाही नीट पाहावा. आजारपणात, लग्नकार्यात, अपत्यजन्माच्या वेळी आणि प्रवासास निघताना लोक जी नाना मंगलकृत्ये करतात, त्यांपेक्षा नोकरचाकरांशी नीट वागणे हे अधिक फलदायी मंगल, असे त्यात म्हटले आहे.