कसणारी आणि खातेदार : किकुयू समाजातील स्त्री, कुटुंब आणि श्रम

शेतकरी हा शब्द उच्चारला की आपल्या डोळ्यांपुढे नांगर धरलेला पुरुष उभा राहतो. बाई त्याच्या मागून बी पेरते, खुरपते, कापणीला येते. पण 'शेतकरी' म्हणून आपण तिला मोजत नाही. ही समजूत इतकी अंगवळणी पडलेली आहे की ती निसर्गनियमच वाटावी. तो निसर्गनियम नव्हे, हे दाखवून देण्यास पूर्व आफ्रिकेचे उदाहरण फार उपयोगी पडते. एस्टर बोसेरूप या डॅनिश अर्थशास्त्रज्ञ विदुषीने १९७० साली प्रसिद्ध केलेल्या आर्थिक विकासातील स्त्रियांच्या भूमिकेवरील ग्रंथात असे दाखविले की, जेथे नांगर नव्हता आणि कुदळीने शेती होत होती, अशा आफ्रिकेच्या विस्तीर्ण प्रदेशात अन्नधान्याची शेती मुख्यतः स्त्रियांच्या हाती होती. अशा एका समाजाचा, केनियातील किकुयू (गिकुयू) समाजाचा, येथे थोडक्यात परिचय करून द्यावयाचा आहे. प्रश्न एकच धरून चालू : जी जमीन कसते तिचा त्या जमिनीवर हक्क कोणता?

समाज आणि त्याची भूमी

केनिया पर्वत आणि आबर्डेअर पर्वतराजी यांच्या परिसरातील सुपीक, लाल मातीच्या डोंगरसोंडा ही किकुयूंची भूमी. किआंबू, मुरांगा, न्येरी हे त्यांचे मुख्य जिल्हे. २०१९ च्या जनगणनेत केनियाच्या सुमारे ४ कोटी ७६ लाख लोकसंख्येपैकी ८१ लाखांहून अधिक लोक किकुयू होते. देशातील हा सर्वांत मोठा जनसमूह होय.

किकुयूंच्या कुळकथेप्रमाणे गिकुयू आणि मुंबी हे आद्य दांपत्य. त्यांना नऊ मुली झाल्या आणि या मुलींच्या नावांवरून समाजातील कुळे पडली. पुढे कथा अशी सांगते की, एके काळी राज्य स्त्रियांचे होते. त्यांच्या सत्तेला कंटाळलेल्या पुरुषांनी कट केला. सर्व स्त्रिया एकाच वेळी गरोदर असताना त्यांनी सत्ता हिसकावून घेतली. मग त्यांनी कुळांची नावेही बदलण्याचे ठरविले, तेव्हा मात्र स्त्रियांनी बजावले की तसे केल्यास आम्ही मुलेच जन्माला घालणार नाही. नावे राहिली, सत्ता गेली. दंतकथेला इतिहास समजण्याचे कारण नाही. परंतु वंश पुरुषाकडून चालत असतानाही कुळाला नाव स्त्रीचे, ही विसंगती समाजाला स्वतःलाच जाणवत होती आणि तिचे स्पष्टीकरण द्यावेसे वाटत होते, एवढे त्यातून निश्चित समजते.

घर, कोठार आणि कामाची वाटणी

जुन्या किकुयू वस्तीत पुरुषाची झोपडी वेगळी असे. तिला 'थिंगिरा' म्हणत. प्रत्येक पत्नीची झोपडी स्वतंत्र, ती 'न्युंबा'. न्युंबा या शब्दाचा अर्थ केवळ घर असा नाही, तर एका मातेची संतती असाही आहे. बहुपत्नीत्व मान्य होते, पण दोन बायकांची चूल एक नसे. प्रत्येकीला नवरा जमिनीचे तुकडे नेमून देई. त्यात पिकलेले धान्य तिच्या कोठारात पडे, त्या कोठाराचा ताबा तिच्याकडे राही आणि तिच्या मुलांचे पोषण त्यावर होई. वारसाहक्काने मुलांना जमीन मिळे तीही बहुधा आपल्या आईने कसलेली.

कामाची वाटणी ठरलेली होती. जंगल तोडणे, पड जमीन फोडणे, घराचा सांगाडा उभारणे, गुरे राखणे ही पुरुषांची कामे. केळी, ऊस आणि कोनफळासारखे कंद तो लावी. भरड धान्ये, मका, घेवडा, रताळी यांची पेरणी-लावणी, निगा आणि साठवण स्त्रीकडे. शाकारणीचे गवत आणणे, भिंती लिंपणे, पाणी, सरपण आणि स्वयंपाक ही कामे वेगळी. थोडक्यात, पुरुषाचे काम जड पण हंगामी. स्त्रीचे काम बारमाही. खुरपणी किंवा कापणी अंगावर आली की शेजारच्या बायका एकत्र येऊन आळीपाळीने एकमेकींची शेते उरकीत. या पद्धतीला 'न्ग्वातिओ' म्हणत. आपल्याकडे जिला सावड किंवा पैरा म्हणतात तीच ही रीत; मजुरी नाही, पण परतफेड चुकवायची नाही.

विवाहात वरपक्ष वधूपक्षाला शेळ्या-मेंढ्या व गुरे देई. यास 'रुराचिओ' म्हणतात. मिशनऱ्यांनी यास बायको विकत घेणे म्हटले. आपल्याकडील अनेक कष्टकरी जातींत पूर्वी देज देण्याची चाल होती, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना ही टीका उथळ वाटेल. जिच्या श्रमावर घर चालते ती मुलगी माहेराहून जाते तेव्हा माहेरचे नुकसान होते, याची ती उघड कबुली होती. बोसेरूप यांनीही हेच निदर्शनास आणले : स्त्री शेतात राबते तेथे सामान्यतः वधूमूल्य, आणि नांगराच्या शेतीमुळे ती घरात राहते तेथे हुंडा. शिवाय रुराचिओ हप्त्याहप्त्याने वर्षानुवर्षे चाले, त्यामुळे दोन कुळांचे नाते टिकून राही. मुलांची नावे ठेवतानाही हा समतोल दिसतो. पहिल्या मुलाला वडिलांच्या वडिलांचे, दुसऱ्याला आईच्या वडिलांचे नाव. मुलींच्या बाबतीतही याच क्रमाने दोन्हीकडच्या आज्यांची नावे.

आणखी एक चाल अभ्यासकांचे लक्ष वेधून घेते. विधवेला मूल नसेल तर ती स्वतः रुराचिओ देऊन दुसऱ्या स्त्रीशी 'विवाह' करू शके. त्या स्त्रीला होणारी मुले मृत पतीच्या वंशाची गणली जात आणि जमीन घरात राही. म्हणजे 'पती' हे केवळ शरीराचे नाते नसून हक्क आणि जबाबदारी यांचे एक स्थान होते, व त्या स्थानी प्रसंगी स्त्रीही बसू शकत होती.

मात्र हे चित्र सोनेरी करून पाहू नये. कन्येला जमिनीचा वारसा नव्हता. वडीलमंडळींच्या सभेत निर्णय पुरुषांचे होते. जोमो केन्याटा यांनी लंडनमध्ये मालिनोव्हस्की यांच्या मार्गदर्शनाखाली अभ्यास करून १९३८ साली आपल्या समाजावर जो प्रसिद्ध ग्रंथ लिहिला, त्यात मुलींच्या जननेंद्रियच्छेदाच्या प्रथेचेही समर्थन आहे. १९२९ साली मिशनऱ्यांनी या प्रथेविरुद्ध मोहीम उघडली तेव्हा तिला परकीय सत्तेविरुद्धच्या संघर्षाचे रूप आले आणि किकुयूंनी स्वतंत्र शाळा काढल्या. या वादात मुलीच्या वेदनेचा प्रश्न बाजूला पडला. केन्याटांचा ग्रंथ वाचताना तो समाजाच्या वकिलाने लिहिला आहे हे विसरून चालणार नाही. केनियात या प्रथेवर सर्वंकष बंदी घालणारा कायदा २०११ मध्ये झाला.

वसाहतवादाने काय बदलले?

विसाव्या शतकाच्या आरंभी इंग्रज सरकारने झोपडीपट्टी, म्हणजे प्रत्येक झोपडीवर कर, बसविला. झोपड्या बायकांच्या, कर मात्र नवऱ्याने रोख भरावयाचा. रोख पैसा मिळावा कसा? गोऱ्या मळेवाल्यांकडे मजुरी करून. पुरुष मळ्यावर आणि नैरोबीला गेले. पुरुषांनी गळ्यात 'किपांडे' हा ओळखपरवाना बाळगण्याची सक्ती झाली. गावी राहिलेल्या स्त्रीवर आता पुरुषाच्या वाट्याचेही काम पडले. कॉफीच्या तोडणीसाठी बायका-मुलींना सक्तीने नेले जाऊ लागले. याविरुद्ध आवाज उठविणाऱ्या हॅरी थुकू यांना मार्च १९२२ मध्ये अटक झाली तेव्हा नैरोबीच्या पोलीस ठाण्यासमोर मोठा जमाव जमला. पुढारी परत फिरू लागलेले पाहून मेरी मुथोनी न्यांजिरू ही स्त्री पुढे झाली. आपली वस्त्रे तुम्ही घ्या आणि तुमच्या विजारी आम्हाला द्या, अशा अर्थाने तिने पुरुषांना डिवचले. पोलिसांनी गोळीबार केला. वीसहून अधिक माणसे ठार झाली. त्यांत ती होती.

ऑक्टोबर १९५२ मध्ये माऊ माऊ उठावामुळे आणीबाणी जाहीर झाली. १९५४ पासून दहा लाखांहून अधिक किकुयूंना विखुरलेल्या वस्त्यांतून उठवून पहाऱ्यातील गावांत कोंडण्यात आले. पुरुष छावण्यांत किंवा अरण्यात. म्हणून या गावांत मुख्यतः स्त्रिया, मुले आणि वृद्ध. अरण्याच्या कडेने खंदक खणण्याची वेठ स्त्रियांनीच केली.

याच १९५४ साली स्विनर्टन योजना आली. विखुरलेले तुकडे एकत्र करून प्रत्येक कुटुंबाला सलग जमीन द्यावयाची, तिची नोंद करून मालकीपत्र द्यावयाचे आणि कॉफीसारखी नगदी पिके घेऊ द्यावयाची, अशी ही योजना. शेतीच्या दृष्टीने तिचे गुण होते. परंतु नोंदवहीत नाव लागले ते कुटुंबप्रमुखाचे, म्हणजे बहुतेक ठिकाणी पुरुषाचे. जुन्या व्यवस्थेत जमिनीवर हक्कांचे थर होते : कुळाचा, कुटुंबप्रमुखाचा आणि कसणाऱ्या पत्नीचा. कागदावर एकच थर उरला. पूर्वी बायकोला नेमून दिलेला तुकडा नवऱ्यालाही सहज काढून घेता येत नसे. आता तो तिला न विचारता विकू किंवा गहाण टाकू शकत होता. कॉफीच्या झाडांची निगा तिने राखावी आणि पैसे मात्र खातेदाराच्या नावावर जमा व्हावेत, अशी स्थिती झाली. परंपरेने स्त्रीला मालकी दिली नव्हती हे खरे. पण जो वहिवाटीचा हक्क दिला होता तो आधुनिक कागदाने पुसला.

स्त्रियांचे उत्तर

१२ डिसेंबर १९६३ रोजी केनिया स्वतंत्र झाला. त्यानंतर किकुयू प्रदेशात 'माबाती' गट नावारूपास आले. माबाती म्हणजे पत्रा. बायकांनी एकत्र मजुरी करावी, वर्गणी जमवावी आणि आळीपाळीने एकेकीच्या घरावर गवताऐवजी पत्रे घालावेत. आपली भिशी आणि सावड यांचा हा संगम. न्ग्वातिओची जुनी रीत येथे नव्या कामाला आली.

याच भूमीवर न्येरी भागात १९४० मध्ये वांगारी माथाई यांचा जन्म झाला. १९७१ मध्ये त्यांनी नैरोबी येथे डॉक्टरेट मिळविली. पूर्व व मध्य आफ्रिकेतील त्या पहिल्या स्त्री डॉक्टरेट होत. सरपणासाठी आणि पाण्यासाठी बायकांना रोज अधिकाधिक लांब जावे लागते, या साध्या निरीक्षणातून त्यांनी १९७७ मध्ये हरित पट्टा चळवळ सुरू केली. खेडोपाडीच्या स्त्रियांच्या गटांनी तीन कोटींहून अधिक झाडे लावली. २००४ साली माथाई यांना शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले. २०११ मध्ये त्या निवर्तल्या.

कायदाही हळूहळू बदलला. १९७२ चा वारसा कायदा १९८१ पासून अमलात आला व त्याने मुलगा-मुलगी समान मानले. २०१० च्या राज्यघटनेने विवाहात समान हक्क दिले आणि जमिनीच्या बाबतीतील स्त्री-पुरुष भेद दूर करण्याचे तत्त्व स्वीकारले. २०१३ च्या दांपत्य-मालमत्ता कायद्याने घरकाम, बालसंगोपन आणि शेतीची देखरेख यांनाही मालमत्तेतील 'वाटा' म्हणून मान्यता दिली. मात्र विवाह मोडल्यास निम्मा हिस्सा आपोआप मिळत नाही, ज्याने-त्याने आपला वाटा सिद्ध केला पाहिजे, असे तेथील सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२३ मध्ये स्पष्ट केले. पहाटे पाणी भरल्याची आणि पंचवीस वर्षे खुरपणी केल्याची पावती कोण ठेवतो? कायदा आणि जीवन यांतील अंतर येथे दिसते.

समारोप

या उदाहरणातून समाजशास्त्राच्या विद्यार्थ्याने तीन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. पहिली, स्त्री-पुरुषांची श्रमविभागणी निसर्गाने नव्हे, तर अवजार, जमीन आणि रूढी यांनी घडविलेली असते. दुसरी, श्रम अधिक म्हणजे सत्ता अधिक असे समीकरण नाही. किकुयू स्त्री अन्नाची उत्पादक होती, पण सभेत तिला आवाज नव्हता. तिसरी, 'सुधारणा' म्हणून जे येते ते कोणाच्या नावावर नोंदले जाते हे तपासल्याखेरीज तिला सुधारणा म्हणू नये.

हा पडताळा घेण्यासाठी आफ्रिकेला जावयास नको. सुट्टीत गावी जाल तेव्हा आपल्या शेताचा उतारा काढून पाहा. शेतात कोण राबते ते तुम्हाला ठाऊकच आहे. उताऱ्यावर कोणाची नावे आहेत ती वाचा, आणि मग या विषयावर आपण वर्गात बोलू.