पाळीव मांजरांतील मंत्रचळ : ओळख व व्यवस्थापन

मांजर दिवसातील बराच वेळ अंग चाटण्यात घालवते. ही त्याची नैसर्गिक स्वच्छता होय. मात्र पोट व मांड्यांच्या आतील बाजूचे केस जाऊन कातडी उघडी पडली आणि खाणे पुढे ठेवले तरी चाटणे थांबत नसेल, तर ते वर्तन असामान्य समजावे. लोकर वा कापड सतत चोखणे (सयामी जातीत हे अधिक आढळते) आणि स्वतःची शेपटी चावणे ही त्याचीच अन्य रूपे होत. गिळलेल्या दोऱ्याने आतड्यात अडथळा येऊन जीव जाऊ शकतो.

कारणे

बेंगळुरूसारख्या महानगरात सदनिकेतील मांजर बहुधा आयुष्यभर घरातच राहते. शिकार करणे, उंचावर चढणे, हद्दीत फिरणे या प्रेरणांना वाव न मिळाल्यास त्या एकाच क्रियेच्या पुनरावृत्तीतून व्यक्त होतात. दावणीला बांधलेल्या व चोथायुक्त चारा कमी मिळणाऱ्या गाई जीभ लोळवतात, त्यामागेही असेच तत्त्व आहे. मुक्त संचार गोठ्याचे महत्त्व जाणणाऱ्या पशुपालकास हे सहज उमजेल.

प्रथम शारीरिक तपासणी

मानसिक कारणाने केस गेल्याचा संशय असलेल्या २१ मांजरांचा अभ्यास अमेरिकेतील पशुवैद्यकीय नियतकालिकात २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांपैकी १६ मांजरांत शारीरिक कारण आढळले, ३ मांजरांत दोन्ही कारणे होती आणि केवळ मानसिक कारण अवघ्या २ मांजरांत होते. म्हणून पिसवा, बुरशी, आहारातील ॲलर्जी व वेदना यांची तपासणी आधी करून घ्यावी. बेंगळुरूचे सौम्य हवामान पिसवांना वर्षातील बराच काळ अनुकूल असते. तेथील पशुपालकांनी हेब्बाळचे पशुवैद्यकीय महाविद्यालय (स्थापना १९५८) किंवा जवळचे पशुवैद्यक यांचा सल्ला घ्यावा.

व्यवस्थापन

• दिवसाचे खाणे ४ ते ५ लहान भागांत विभागून, शक्य तेव्हा लपवून द्यावे.
• रोज दोन वेळा १० ते १५ मिनिटे शिकारीसारखा खेळ खेळवावा.
• खिडकीलगत उंच बैठक व नखे घासण्यासाठी खांब द्यावा.
• मांजरांच्या संख्येपेक्षा मलमूत्राचे एक पात्र अधिक ठेवावे.
• लोकर, दोरे व प्लास्टिक आवाक्याबाहेर ठेवावे.
• रागावू किंवा मारू नये. भीतीने ताण वाढतो व क्रिया बळावते.

एवढे करूनही फरक न पडल्यास पशुवैद्यक फ्लुओक्सेटिन वा क्लोमिप्रामिन देऊ शकतात. त्यांचा परिणाम दिसण्यास काही आठवडे लागतात. औषध परस्पर सुरू वा बंद करू नये.

विशेष दक्षता

गोठ्यातील गोचीडनाशके (सायपरमेथ्रिन, डेल्टामेथ्रिन, अमिट्राझ) मांजराच्या अंगावर कदापि लावू नयेत. मांजराच्या यकृतात काही विषारी द्रव्ये निष्प्रभ करण्याची क्षमता अल्प असते. त्यातच ते अंग चाटत असल्याने लावलेले औषध पोटातही जाते. माणसांचे पॅरासिटामॉलही मांजरास प्राणघातक ठरते. खाजेवर घरगुती उपाय म्हणून गोठ्यातील बाटली हाती घेण्याची चूक टाळणे, हा संदेश विस्तार कार्यकर्त्यांनी पशुपालकांपर्यंत आवर्जून पोहोचवावा.